मीट पाई की क्रॉफिश पाई : घरी करणाऱ्यासाठी एक तुलना

अमेरिकेतल्या लुईझियाना राज्यात सारण भरून केलेले जे तिखट-मिठाचे प्रकार मिळतात, त्यांपैकी घरच्या स्वयंपाकघरात हात बसवून घ्यावा असे मला दोनच वाटतात : नॅकटिश गावची तळलेली मीट पाई आणि दक्षिणेकडच्या केजन मुलखातली, शेवंडीसारख्या एका लहान प्राण्याची, भाजलेली क्रॉफिश पाई. गेली नऊ वर्षे मी लाफायेत शहरात राहतो आणि या काळात दोन्ही प्रकार वारंवार केले आहेत. सुरुवातीची दोन-तीन वर्षे मी दोन्हींना सारखाच वेळ देत असे. हळूहळू एकीकडे कल वाढत गेला आणि त्याचे कारण चव हे नव्हते. ज्यांना दोहोंपैकी एकीनेच सुरुवात करायची आहे, त्यांना माझा अनुभव उपयोगी पडावा म्हणून हे लिहीत आहे. आपल्याकडे करंजी केलेल्या माणसाला पारी, मोहन, सारण आणि मुरड यांचा अर्थ समजावून सांगण्याची गरज नाही, त्यामुळे ती प्राथमिक माहिती मी येथे दिलेली नाही.

नावाबद्दल मात्र एक खुलासा करायला हवा. दोन्ही प्रकारांना सरसकट केजन म्हटले जाते, पण ते नेमके नाही. आजच्या कॅनडातल्या अकेडिया प्रांतातून 1755 पासून इंग्रजांनी ज्या फ्रेंच भाषकांना हुसकावून लावले, त्यांच्यापैकी काहीजण पुढच्या दशकात दक्षिण लुईझियानाच्या पाणथळ प्रदेशात येऊन स्थिरावले; केजन म्हणजे त्यांचे वंशज. नॅकटिशची वसाहत 1714 ची, म्हणजे त्यांच्या आगमनाच्या कितीतरी आधीची, आणि ती केजन मुलखाच्या उत्तरेला केन नदीच्या काठी आहे. तिथले फ्रेंच, स्पॅनिश, आफ्रिकी आणि मूळ रहिवासी यांच्या मिश्रणातून घडलेले खाणे क्रिओल म्हणून ओळखले जाते. गावाच्या पश्चिमेला थोड्याच अंतरावर स्पॅनिशांनी 1721 मध्ये लोस आदाएस हे ठाणे उभारले होते, आणि मीट पाईचे एम्पनाडा या करंजीसारख्या स्पॅनिश प्रकाराशी असलेले साम्य पाहता तिचे मूळ त्या शेजारात असावे, असे अनेकांना वाटते. राज्याच्या विधिमंडळाने 2003 मध्ये नॅकटिशच्या मीट पाईला राज्याची अधिकृत मीट पाई म्हणून मान्यता दिली. मसाल्यांची जात मात्र दोन्हीकडे एकच आहे : कांदा, ढोबळी मिरची, लसूण, पातीचा कांदा, मिरी आणि केयेन मिरचीची पूड. म्हणून स्वयंपाक करणाऱ्याच्या दृष्टीने त्यांची तुलना एका पंगतीत बसवून करता येते.

चवीचा प्रश्न आधी घेतो, कारण त्यात माझे मत क्रॉफिशच्या बाजूने आहे आणि ते मी मोकळेपणाने मान्य करतो. क्रॉफिश म्हणजे गोड्या पाण्यातला, शेवंडीच्या जातीचा पण बोटाएवढा प्राणी. त्याचा हंगाम साधारणपणे जानेवारीपासून जूनपर्यंत असतो आणि मार्च ते मे हे महिने भराचे. याच काळात लेंट, म्हणजे ईस्टरच्या आधीचा व्रताचा काळ, येतो, शुक्रवारी मांस न खाण्याचा नेम इथली कॅथलिक घरे पाळतात आणि गावोगावी क्रॉफिशची पातेली चढतात. सोललेल्या शेपट्यांचे एक पौंडाचे पाकीट मिळते. तेवढ्या शेपट्या निघण्यासाठी 6 ते 7 पौंड जिवंत क्रॉफिश लागतात, यावरून त्या पाकिटाची किंमत का जास्त असते ते ध्यानात येईल. पाकिटात शेपट्यांना चिकटून एक पिवळसर चरबी असते. ती खरे तर त्या प्राण्याच्या यकृतासारख्या अवयवाची असते आणि सगळी चव तिच्यात असते. लोण्यावर कांदा, सेलरी आणि ढोबळी मिरची मऊ होईपर्यंत परतून त्यात मैदा भाजला आणि ही चरबी सोडली की जो वास उठतो, तो कोकणात वाढलेल्या माणसाला कोलंबीच्या डोक्यांच्या कालवणाची आठवण करून देतो. माझी आई येथे आली असताना तिने तो वास ओसरीवरूनच ओळखला होता. चीनहून आयात होणाऱ्या पाकिटांत ही चरबी बहुधा धुऊन गेलेली असते, त्यामुळे थोडे पैसे वाचवण्यासाठी ते पाकीट घेऊ नये, असे माझे मत आहे.

मीट पाईचे सारण त्या मानाने साधे आहे. बीफ आणि पोर्क यांचा खिमा, वर सांगितलेल्या भाज्या, आणि शेवटी दोन-तीन चमचे मैदा. बीफ खाल्ले जात नाही अशा मराठी घरांसाठी नुसत्या पोर्कची पाई करता येते. मी स्वतः बहुतेक वेळा तशीच करतो, आणि नॅकटिशमध्ये खाल्लेल्या पाईशी ताडून पाहता ती थोडी मऊ आणि किंचित गोडसर लागते, एवढाच फरक मला जाणवला. टर्कीच्या खिम्याची मात्र शिफारस करवत नाही. त्यात चरबी इतकी कमी असते की सारण भुरभुरीत होते आणि पहिल्याच घासाला पारीतून सांडते. लाफायेतहून नॅकटिशला जायला दोन-सव्वादोन तास लागतात आणि मी तो प्रवास निव्वळ पाई खाण्यासाठी चार वेळा केला आहे. तिथे 1967 पासून चालत असलेल्या लॅसियोन्झ या उपाहारगृहातली पाई खाऊन घेतली, तर घरी काय साधायचे आहे याचा अंदाज येतो. पारी करंजीपेक्षा जाड, रंग खरपूस, आणि सारण ओलसर पण न वाहणारे.

पारीबद्दल फार लिहिण्याजोगे नाही, कारण दोन्हींना मी जवळपास एकच पीठ वापरतो : 4 वाट्या मैदा, अर्धी वाटी लार्ड (डुकराची चरबी), 1 अंडे, मीठ, चिमूटभर बेकिंग पावडर आणि भिजवण्यापुरते थंड दूध. करंजीला आपण मोहन कडकडीत घालतो. येथे उलट लार्ड थंड असताना मैद्यात चोळायचे असते, म्हणजे पापुद्रे सुटतात. क्रॉफिश पाईला लार्डच्या जागी लोणी घेतले तर चव अधिक चांगली जमते, पण लोण्याची पारी उन्हाळ्यात हाताळणे कठीण जाते. येथील हवा जून-जुलैत आपल्या कोकणासारखीच दमट असते.

ज्या एका गोष्टीने माझा निर्णय केला, ती म्हणजे क्रॉफिशच्या सारणाला सुटणारे पाणी.

हा त्रास पहिल्या प्रयत्नात कळत नाही, आणि त्यामुळेच तो अधिक मनस्ताप देतो. सारण कढईत असते तेव्हा ते उत्तम दिसते. चमचा फिरवला की तळ दिसतो, कडा सोडते, थंड केल्यावर तर वडीसारखे कापता येईल इतके घट्ट होते. आपण समाधानाने पाई भरतो, कडा दाबतो, वरून अंडे लावतो आणि ओव्हनमध्ये 200 अंश सेल्सियसला ठेवतो. पण पाकिटातल्या शेपट्या सोलण्याआधीच उकडलेल्या असतात, आणि शिजलेल्या कोलंबीप्रमाणेच त्या दुसऱ्यांदा तापल्या की आकसतात आणि आपल्यातले पाणी बाहेर टाकतात. गोठवून पुन्हा वितळवलेल्या शेपट्या तर आणखीच. म्हणजे कढईतल्या सारणातले पाणी आपण कितीही आटवले, तरी पाई बंद झाल्यानंतर, जेव्हा आपल्या हातात काहीच उरलेले नसते तेव्हा, आतल्या आत नवे पाणी तयार होते. ते खाली उतरते, आणि खालची पारी अजून कच्ची असते, कारण ओव्हनमध्ये तळाला उष्णता सगळ्यात शेवटी पोचते.

एका गुड फ्रायडेला मी शेजारच्या दोन कुटुंबांना जेवायला बोलावले होते आणि 24 पाई केल्या होत्या. वरून त्या इतक्या देखण्या झाल्या होत्या की कुणीतरी छायाचित्रही काढले. मी उलथने पहिल्या पाईखाली सरकवले, तेव्हा वरची सोनेरी टोपी उलथन्याबरोबर आली आणि तळ ताटालाच राहिला : करडा, ओला, भिजलेल्या पुठ्ठ्यासारखा, आणि त्यातून केशरी रस्सा हळूहळू पसरत होता. दुसरी तशीच, तिसरीही तशीच. पाहुण्यांनी चमच्याने खाल्ले आणि चवीचे मनापासून कौतुक केले, पण ज्या पदार्थाचे सगळे प्रयोजन तो हातात धरून खाता यावा हे आहे, तो चमच्याने खावा लागला याचे मला त्या दिवशी फार वाईट वाटले आणि अजूनही वाटते. दोन दिवसांचे काम होते आणि शेपट्यांची चार पाकिटे त्यात गेली होती.

त्यानंतर मी या पाण्यामागे लागलो. शेपट्या चाळणीत निथळत ठेवून ते पाणी वेगळे आटवून पुन्हा सारणात घालणे, हा उपाय सर्वांत गुणकारी ठरला. चव वाया जात नाही आणि पाणी निम्म्याने तरी कमी होते. मैदा जास्त घातला तर सारण पिठूळ लागते. कॉर्नस्टार्चने ते बुळबुळीत होते. पावाचा चुरा पाणी शोषतो हे खरे, पण चरबीची चवही त्याबरोबर शोषून घेतो. रूच्या, म्हणजे लोण्यावर भाजलेल्या मैद्याच्या, बाबतीत मी स्वतः एक चूक बराच काळ करत होतो : चव यावी म्हणून मैदा गडद तपकिरी होईपर्यंत भाजत होतो, आणि मैदा जितका गडद भाजावा तितकी त्याची घट्ट करण्याची शक्ती कमी होते, हे मला ठाऊक नव्हते. गंबो या इथल्या रस्सेदार पदार्थासाठी तो रंग योग्य आहे. पाईच्या सारणाला फिकट, शेंगदाण्याच्या सालाइतकाच रंग पुरे. शेजारच्या आजींनी, ज्यांचे बालपण ब्रो ब्रिजला गेले, मला पारीच्या आतल्या बाजूला अंड्याचा पांढरा भाग फिरवायला आणि लोखंडी ताट ओव्हनमध्ये आधीच तापवून ठेवायला शिकवले. ब्रो ब्रिजला 1959 मध्ये जगाची क्रॉफिश राजधानी ही पदवी अधिकृतपणे मिळाली आहे, तेव्हा त्यांच्या सल्ल्याला वजन होते. या सगळ्या उपायांनंतर माझी क्रॉफिश पाई आता दहापैकी सात वेळा हातात धरता येते. उरलेल्या तीन वेळा ती का बिघडते, हे मी अजून निश्चितपणे सांगू शकत नाही. कदाचित माझ्या ओव्हनचा तळ कमी तापत असेल. ज्यांचा ओव्हन खालून चांगला तापतो, त्यांना हा त्रास माझ्याइतका होणारही नाही.

मीट पाईत हा प्रश्नच उद्भवत नाही, कारण तिच्या सारणात मोकळे पाणी फारसे नसते, चरबी असते, आणि चरबी थंड झाली की गोठते. खिमा परतून, जास्तीची चरबी निथळून, थोडी मुद्दाम ठेवून, त्यात मैदा मिसळून सारण रात्रभर फ्रिजमध्ये ठेवले की सकाळी ते पुरणासारखे घट्ट होते. दोन चमचे सारण घेऊन मुठीत दाबले की त्याचा लांबट गोळा होतो, आणि तो पारीच्या मध्यावर ठेवला की जागचा हलत नाही. कडेला सारण लागत नाही, म्हणून कडा नीट चिकटते. तळताना चरबी वितळते हे खरे, पण तोवर मैद्याने तिला धरून ठेवलेले असते. शिवाय 175 अंशांच्या तेलात पारीला चारी बाजूंनी एकदमच उष्णता लागते, आणि सारणाने काही बिघडवण्याआधीच ती पक्की होते. मी पाई तेलात सोडल्यावर बुडबुड्यांकडे पाहतो : आधी ते मोठे आणि दाट असतात, मग बारीक होतात आणि आवाज हलका होत जातो. साधारण पाच-सहा मिनिटांनी आवाज मंदावला की झाऱ्यावर घ्यायची.

नॅकटिशमध्ये कडा काट्याने दाबतात. मी मुरड घालतो, कारण ती माझ्या हाताला आईकडून आलेली आहे, आणि मला वाटते की या जाड पारीलाही ती काट्यापेक्षा अधिक घट्ट बसते. कातणाने कापलेली कडा दिसायला सुरेख असली, तरी येथे ती पुरेशी नाही. सारणातली चरबी तापली की नुसती कापलेली कडा उकलते.

हा प्रकार निर्दोष आहे असे मला सुचवायचे नाही. एखादी पाई तेलात उकललीच, तर तिचे सारण घाण्यात पसरते, करपते आणि पुढच्या प्रत्येक पाईला काळे ठिपके लावते. अशा वेळी तेल गाळून घेण्यावाचून इलाज नसतो. तळणीचा वास घरात दुसऱ्या दिवशीपर्यंत राहतो, आणि ज्यांचे घर लहान आहे, खिडक्या उघडत नाहीत, त्यांनी हे गंभीरपणे विचारात घ्यावे. भरपूर तेल तापवून सांभाळण्याचे काम घरात लहान मूल असताना मी टाळत होतो आणि त्या दोन वर्षांत ओव्हनच वापरला. मीट पाई भाजूनही होते. वरून अंडे लावून 200 अंशांवर 25 मिनिटे ठेवली की ती चांगली होते, फक्त पारी थोडी कोरडी लागते आणि नॅकटिशच्या खरपूसपणाची उणीव भासते. पण तळ भिजत नाही, हे महत्त्वाचे. याच्या उलट, क्रॉफिश पाई तळून पाहण्याचा मोह मात्र आवरावा. जत्रांमध्ये ती तळलेली मिळते आणि अप्रतिम असते, पण ती रोज शेकडो पाई करणाऱ्या हातांची असते. घरी पाणी सुटलेली पाई तेलात उकलली, तर तेल ज्या जोराने उडते तो प्रकार मी एकदा अनुभवला आहे. मनगटावरचा डाग दोन वर्षे गेला नव्हता.

टिकण्याच्या बाबतीतही कल एकाच बाजूला जातो. क्रॉफिश पाई ओव्हनमधून निघाल्यापासून अर्ध्या तासात खाल्ली पाहिजे; त्यानंतर ती सादळते, आणि दुसऱ्या दिवशी गरम केली तर शेपट्या तिसऱ्यांदा तापून रबरासारख्या चिवट होतात. मीट पाई कच्चीच भरून, एकमेकींना न चिकटतील अशा बेताने ताटात मांडून गोठवली, की दोन-तीन महिने माझ्याकडे व्यवस्थित राहिली आहे. दिवाळीला आमच्याकडे करंज्यांचा घाट घातला जातो, तेव्हा मी त्याच बैठकीत पाटावर एका बाजूला मीट पाईच्या पाऱ्या लाटून घेतो. डिसेंबरमध्ये, 1927 पासून चालत आलेल्या नॅकटिशच्या नाताळच्या रोषणाईला लोक नदीकाठी थंडीत उभे राहून पाई खातात, तेव्हा आमच्या घरीही त्याच पाई निघतात.

तरीही क्रॉफिश पाई करूच नये, असे मी म्हणणार नाही. मार्च-एप्रिलचे दिवस असतील, ताज्या शेपट्या गोठवल्याशिवाय मिळत असतील, आणि खाणारी माणसे टेबलाभोवती बसून वाट पाहत असतील, तर वर्षातून एकदा तिच्यासाठी एवढा खटाटोप करण्याजोगा आहे. अशा वेळी हातात धरण्याच्या पाईचा हट्ट सोडून, लहान खोलगट साच्यांत वरची आणि खालची पारी घालून ती करावी. येथील बरीच जुनी घरे तशीच करतात, आणि साचा असल्यामुळे तळ थोडा ओला राहिला तरी खाणाऱ्याची अडचण होत नाही. जे मांस खात नाहीत पण मासे खातात, त्यांच्यापुढे तर दुसरा पर्यायच नाही, आणि त्यांनी निराश होऊ नये.

पण जिच्यावर आधी हात बसवावा अशी पाई कोणती, असे मला कुणी विचारले, तर मी नॅकटिशचीच सांगेन. पहिल्या खेपेला एक किलो पोर्कचा खिमा घ्यावा. त्यात माझ्या मापाने तीसच्या आसपास पाई होतात. सारण आदल्या संध्याकाळी करावे, केयेन मिरची आपल्याला पुरेशी वाटते त्याहून थोडी अधिक घालावी, कारण थंड झालेल्या सारणाचा तिखटपणा पारीत गेल्यावर दबतो. सगळ्या पाई भरून झाल्या की निम्म्या तळाव्यात आणि निम्म्या गोठवाव्यात. गोठवलेल्या पाई तळण्याआधी वितळू देऊ नयेत. फ्रीझरमधून काढून थेट तेलात सोडाव्यात, आच थोडी मंद ठेवावी आणि दोन मिनिटे जास्त द्यावीत. बाहेर ठेवून मऊ होऊ दिल्या, तर पारीवर दव धरते आणि हाताळताना मुरड सुटते.